आयपी दूरध्वनी केंद्र

कार्यालय, कारखाना, रुग्णालय, बँक, विद्यापीठ इत्यादींच्या आवारातील दूरध्वनी परस्परांना व बाहेरच्या सार्वजनिक दूरध्वनी जालाला जोडून देणाऱ्या व्यवस्थेस खाजगी दूरध्वनी केंद्र म्हणतात. हे केंद्र खास बांधणीच्या विद्युत् यंत्रसामग्रीचे नसून सर्वसाधारण संगणकावर चालणाऱ्या आज्ञावलीच्या स्वरूपात असेल आणि त्यातील आवाजाचे वहन संगणकांच्या जालातून इंटरनेटच्या नियमांनुसार, म्हणजे आयपी पद्धतीने, पॅकेटांच्या रूपात होत असेल, तर त्यास आयपी दूरध्वनी केंद्र असे नाव आहे. भारतीय कार्यालयांत जुन्या केंद्रांसाठी रूढ झालेले ‘ईपीएबीएक्स’ हे नाव नव्या केंद्रांनाही सर्रास लावले जाते. तथापि या दोहोंत मूलभूत फरक आहे. जुने केंद्र ही भिंतीला लावलेली किंवा स्वतंत्र खोलीत ठेवलेली पेटी असे आणि प्रत्येक दूरध्वनीपासून तिच्यापर्यंत तांब्याच्या तारांची एक जोडी येत असे. नव्या केंद्रात अशी पेटी उरत नाही. त्याची आज्ञावली इमारतीच्या तळघरातील संगणकावर असेल किंवा दुसऱ्या खंडातील संगणकावरही असेल. तांब्याच्या त्या जोडीने आवाज तर वाहून नेलाच, पण त्याशिवाय इतर कित्येक कामे कोणी मुद्दाम न सांगता केली होती. तार गेल्यावर ती कामे एकेक करून उघडी पडली आणि त्यांची सोय नव्याने करावी लागली. या केंद्रांच्या इतिहासाचा बराच भाग या फेरव्यवस्थेने व्यापलेला आहे.

पूर्वपीठिका : पहिले व्यापारी दूरध्वनी केंद्र अमेरिकेतील न्यू हेवन येथे १८७८ मध्ये सुरू झाले. त्यात जोडणीचे काम माणसे हाताने करीत. अल्मन स्ट्रोजर या कॅन्झस सिटीतील अंत्यविधी व्यावसायिकाला १८९१ मध्ये स्वयंचलित जोडणीच्या यंत्राचे एकस्व मिळाले आणि पुढील वर्षी इंडियाना राज्यातील ला पोर्ट येथे तशा प्रकारचे केंद्र उघडले. केंद्रावरील जोडणी करणारी बाई आपली गिऱ्हाइके प्रतिस्पर्ध्याकडे वळविते, या संशयातून त्याने हा शोध लावला, असे सांगतात. गोष्टीचा खरेपणा कसाही असो, जोडणी कोणाच्या हाती असावी हा प्रश्न दूरध्वनीइतकाच जुना आहे, एवढे तीवरून दिसते.

स्ट्रोजर पद्धतीत जोडणीचे नियम यंत्राच्या रचनेतच गुंफलेले असत. ते बदलावयाचे तर तारा बदलाव्या लागत. न्यू जर्सीतील सक्कसना येथे १९६५ मध्ये बेल कंपनीने जे इलेक्ट्रॉनीय केंद्र सुरू केले, त्यात हे नियम प्रथमच मोठ्या प्रमाणावर संगणकाच्या स्मृतीत साठविण्यात आले. आवाज मात्र अजून धातूच्या स्पर्शकांतूनच जात होता. आवाजाचे अंकांत रूपांतर करण्याची कल्पना इंग्रज अभियंते ॲलेक रीव्ह्‌स यांनी १९३८ मध्येच मांडली होती. आवाजाचे सेकंदाला ८,००० नमुने घ्यावयाचे व प्रत्येक नमुना ८ बिटांत लिहावयाचा, या हिशेबाने एका संभाषणाला एका दिशेने सेकंदाला ६४,००० बिट लागतात. हा आकडा दूरध्वनी व्यवसायाचे मूळ माप ठरला. कॅनडातील नॉर्दर्न टेलिकॉम कंपनीने १९७५ मध्ये बाजारात आणलेले ‘एसएल–१’ हे संपूर्ण अंकीय खाजगी केंद्र याच मापावर उभे होते.

अशा केंद्रांच्या बाजारपेठेस कायद्यानेही हातभार लावला. अमेरिकेच्या संदेशवहन आयोगाने १९६८ मध्ये ‘कार्टरफोन’ प्रकरणी निर्णय देऊन, दूरध्वनी कंपनीने न पुरविलेले उपकरणही ग्राहकाला जालाशी जोडता येईल, असे ठरविले. त्यामुळे खाजगी केंद्रे बनविणाऱ्या स्वतंत्र कंपन्या उदयास आल्या. परंतु या कंपन्यांनी ग्राहकाला दुसऱ्या रीतीने बांधून घेतले. पेटी ज्या कंपनीची त्याच कंपनीचे दूरध्वनी घ्यावे लागत, जादा सोयीसाठी त्याच कंपनीचे कार्ड विकत घ्यावे लागे आणि एक टेबल दुसऱ्या मजल्यावर हलविले, तरी तारांच्या चौकटीवर जोडण्या बदलण्यासाठी माणूस बोलवावा लागे. केंद्र आज्ञावलीवर चालत होते हे खरे, पण ती आज्ञावली पेटीत बंद होती.

पॅकेटांतून आवाज : तारेवरील संभाषणात दोन व्यक्तींसाठी एक मार्ग पूर्ण वेळ राखून ठेवलेला असतो. संगणकांच्या जालात असा राखीव मार्ग नसतो. माहितीची लहान लहान पॅकेटे होतात, प्रत्येकावर पत्ता असतो आणि ती मिळेल त्या वाटेने जातात. पत्रव्यवहाराला सोयीची असलेली ही पद्धत संभाषणाला गैरसोयीची वाटणे स्वाभाविक होते. कारण पत्र अर्धा सेकंद उशिरा पोहोचले तरी बिघडत नाही, शब्द पोहोचला तर बिघडते. तरीही अमेरिकेतील ‘आर्पानेट’ या जालावर १९७४ मध्ये पॅकेटांतून आवाज पाठविण्याचे प्रयोग यशस्वी झाले. त्यासाठी डॅनी कोहेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी बनविलेले नियम १९७७ मध्ये प्रसिद्ध झाले. संगणक महाग व जाल संथ असल्याने त्यानंतर सु. वीस वर्षे हा विषय प्रयोगशाळांपुरता राहिला.

इझ्राएलमधील व्होकलटेक कंपनीने १९९५ मध्ये घरगुती संगणकावर चालणारी ‘इंटरनेट फोन’ ही आज्ञावली विक्रीस काढली. आरंभी तिच्यात एका वेळी एकालाच बोलता येई. स्वस्तात परदेशी बोलण्याचे साधन म्हणून तिचा गाजावाजा झाला, पण कार्यालयांच्या दृष्टीने महत्त्वाची घडामोड वेगळी होती. आवाजाची पॅकेटे क्रम व वेळ नोंदवून पाठविण्याचे ‘आरटीपी’ हे नियम आणि आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघटनेची ‘एच.३२३’ ही संभाषण जोडण्याची पद्धत, ही दोन्ही १९९६ मध्ये प्रसिद्ध झाली. दुसऱ्या पद्धतीवर जुन्या दूरध्वनी व्यवसायाची छाप होती. ती काटेकोर पण किचकट होती. कोलंबिया विद्यापीठातील हेनिंग शुल्झरिन व त्यांचे सहकारी मार्क हँडली, ईव्ह स्कूलर व जोनाथन रोझेनबर्ग यांनी मांडलेली ‘सिप’ ही पद्धत १९९९ मध्ये प्रसिद्ध झाली व २००२ मध्ये तिची सुधारित आवृत्ती आली. सिपमधील संदेश साध्या अक्षरांत असतात आणि इंटरनेटवरील पाने मागविण्याच्या संदेशांशी त्यांचे साम्य आहे. एक दूरध्वनी ‘निमंत्रण’ पाठवितो. समोरून १८० हा क्रमांक आला म्हणजे घंटा वाजत आहे, २०० आला म्हणजे उचलला, ४८६ आला म्हणजे तो दूरध्वनी गुंतलेला आहे. हे संदेश कोणत्याही प्रोग्रॅमरला वाचता येत. दूरध्वनीचे ज्ञान त्यामुळे दूरध्वनी अभियंत्यांच्या लहानशा वर्तुळाबाहेर गेले.

पेटीतून संगणकात : डॅलस येथील सेल्सियस सिस्टिम्स ही लहान कंपनी या क्षेत्रात आघाडीवर होती. तिच्या आज्ञावलीचा आरंभ १९९४ च्या सुमारास चित्रसंभाषण जोडण्यासाठी झाला. पुढे तिला आयपी दूरध्वनींच्या केंद्राचे रूप देऊन ‘कॉलमॅनेजर’ हे नाव देण्यात आले आणि ती विंडोज एनटी प्रणालीच्या संगणकावर चालू लागली. संगणक जालांची उपकरणे विकणाऱ्या सिस्को कंपनीने १९९८ मध्ये सेल्सियस सु. १४.५ कोटी डॉलरला विकत घेतली. दूरध्वनी केंद्र विंडोजवर चालणार, या कल्पनेची जुन्या अभियंत्यांनी थट्टा केली असल्यास त्यांना दोष देता येत नाही. त्यांची केंद्रे वर्षानुवर्षे बंद न पडता चालत आणि विंडोजला मधूनमधून बंद करून पुन्हा सुरू करावे लागे. सिस्कोने त्यावर काढलेला तोडगा, एकच संगणक अतिविश्वसनीय बनविण्याऐवजी अनेक संगणकांचा गट करण्याचा होता. एका संगणकावर मूळ नोंदी असतात, बाकीच्यांवर त्यांच्या प्रती असतात आणि एक बंद पडल्यास दूरध्वनी आपण होऊन दुसऱ्याकडे नोंदणी करतात. ही रचना २००० मध्ये आलेल्या तिसऱ्या आवृत्तीपासून रूढ झाली. पाचव्या आवृत्तीत (२००६) सिस्कोने विंडोज सोडून लिनक्स प्रणालीचा स्वीकार केला.

अशा केंद्रात नवा दूरध्वनी कसा सुरू होतो, हे पाहण्यासारखे आहे. जालाच्या केबलमध्ये जोडताच दूरध्वनी प्रथम स्वतःसाठी पत्ता मागून घेतो. त्याबरोबरच आपली माहिती कोणत्या सर्व्हरवर आहे हे त्याला कळते. तेथून तो आपल्या नावाची फाइल आणतो, तीत सांगितलेल्या केंद्राकडे नोंदणी करतो आणि मगच त्याच्या पडद्यावर क्रमांक उमटतो. कर्मचाऱ्याने तो उचलून दुसऱ्या मजल्यावर किंवा दुसऱ्या गावच्या शाखेत नेऊन जोडला, तरी हेच घडते व क्रमांक तोच राहतो. जोडणी झाल्यावर आवाजाची पॅकेटे बहुधा एका दूरध्वनीकडून दुसऱ्याकडे थेट जातात, केंद्र फक्त ओळख करून देते. शंभर वर्षे जे केंद्र आवाजाचा मार्ग होते, ते आता पत्त्यांची वही झाले.

ॲस्टेरिस्क : व्यापारी कंपन्यांची आज्ञावली महाग होती व तिचे अंतरंग बंद होते. अलाबामा राज्यातील ऑबर्न विद्यापीठाचा विद्यार्थी मार्क स्पेन्सर याने लिनक्स वापरणाऱ्यांना मदत पुरविणारी एक लहान कंपनी काढली होती. तिच्यासाठी दूरध्वनी केंद्र विकत घेणे परवडेना, म्हणून त्याने १९९९ मध्ये स्वतःच एक केंद्र लिहिले आणि त्याची मूळ संहिता कोणालाही वापरता व बदलता येईल अशा जीपीएल परवान्याखाली खुली केली. दूरध्वनीच्या फलकावर असणाऱ्या व लिनक्समध्ये ‘काहीही’ असा अर्थ असणाऱ्या तारकाचिन्हावरून त्याने तिला ‘ॲस्टेरिस्क’ हे नाव दिले. जिम डिक्सन यांच्या प्रयत्नांची जोड तिला मिळाली नसती, तर ती कदाचित हौशी मंडळींपुरतीच राहिली असती. सार्वजनिक जालाच्या तारा संगणकाला जोडणाऱ्या कार्डांवर तोवर महागडे संस्करण करणारे घटक असत. संगणकाचा मुख्य संस्कारकच आता हे काम करण्याइतका वेगवान झाला आहे, हे डिक्सन यांनी ओळखले व साध्या, स्वस्त कार्डाचा आराखडा खुला केला.

ॲस्टेरिस्कमध्ये जोडणीचे सर्व नियम साध्या मजकुराच्या फाइलीत लिहिलेले असतात : अमुक क्रमांक आला तर अमुक दूरध्वनीची घंटा वीस सेकंद वाजवावी, न उचलल्यास निरोप ध्वनिमुद्रित करावा, रात्री आठनंतर पहारेकऱ्याकडे जोडून द्यावे, इत्यादी. पूर्वी कंपनीचे कार्ड घेऊन जे मिळे, ते आता चार ओळी लिहून मिळू लागले. पहिली अधिकृत आवृत्ती सप्टेंबर २००४ मध्ये निघाली. फाइली हाताने लिहिणे ज्यांना जड जाई, त्यांच्यासाठी ‘फ्रीपीबीएक्स’ हे पडद्यावरून नियम भरण्याचे साधन तयार झाले. बर्लिन येथील फ्राउनहोफर संस्थेत तयार झालेली ‘सिप एक्सप्रेस राउटर’ व तिच्यापासून निघालेली ‘कमेलिओ’, तसेच अँथनी मिनेसाले यांनी २००६ मध्ये पुढे आणलेली ‘फ्रीस्विच’, या खुल्या आज्ञावल्या मोठ्या प्रमाणावरील कामासाठी वापरात आल्या. ॲस्टेरिस्कमागील डिजियम ही कंपनी २०१८ मध्ये कॅनडातील सँगोमा कंपनीने विकत घेतली. खुलेपणाचा लाभ खरा असला, तरी त्याची किंमतही आहे. बिघाड झाल्यास ज्याने नियम लिहिले त्यालाच शोधावे लागते, आणि तो बहुधा नोकरी सोडून गेलेला असतो.

उभारणी : आयपी केंद्र बसविताना पहिला हिशेब जालाच्या क्षमतेचा करावा लागतो आणि तो वाटतो तितका सरळ नसतो. आवाज प्रत्येकी २० सहस्रांश सेकंदाच्या तुकड्यांत पाठविल्यास ६४,००० बिटांच्या जी.७११ या रीतीने एका पॅकेटात १६० बाइट आवाज मावतो. पण त्यावर पत्ते, क्रम इत्यादींचे ४० बाइट चढतात. म्हणजे प्रत्यक्षात एका दिशेने सेकंदाला ८०,००० बिट लागतात. आवाज आठपट दाबून ८,००० बिटांवर आणणारी जी.७२९ ही रीत वापरल्यास आवाज २० बाइटांचा व त्यावरील वेष्टन तेच ४० बाइटांचे राहते. मागणी २४,००० बिटांची होते आणि आठपट बचत अपेक्षिणाऱ्यास जेमतेम ३.३ पट मिळते.

दुसरा हिशेब उशिराचा. एका दिशेचा उशीर १५० सहस्रांश सेकंदाच्या आत असेल, तर बहुतेक संभाषणांत तो जाणवत नाही, असे आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघटनेचे मार्गदर्शन आहे. पॅकेटे कमीअधिक अंतराने पोहोचत असल्याने ऐकणाऱ्याच्या बाजूस ती थोडा वेळ थोपवून सारख्या गतीने सोडावी लागतात. या थोपविण्यातही उशीर होतोच. म्हणून जालातील उपकरणांना आवाजाची पॅकेटे आधी सोडण्याची सूचना द्यावी लागते. ही सूचना द्यावयाची राहून गेली, की कोणी मोठी फाइल उतरवू लागताच सगळ्या कार्यालयाचे बोलणे तुटू लागते.

बाहेरच्या वाहिन्या किती घ्याव्यात, या प्रश्नाचे उत्तर मात्र संगणकाने बदललेले नाही. डॅनिश गणितज्ञ आ. क्रा. अर्लांग यांनी १९१७ मध्ये मांडलेले सूत्रच आजही वापरतात. शंभर कर्मचारी गर्दीच्या तासात प्रत्येकी तीन मिनिटांची दोन संभाषणे बाहेर करीत असतील, तर एकूण भार १० अर्लांग होतो आणि शंभरात एकाहून अधिक प्रयत्न निष्फळ ठरू नयेत अशी अपेक्षा असल्यास १८ वाहिन्या घ्याव्या लागतात.

वीज व ठिकाण : जुन्या दूरध्वनीला लागणारी वीज केंद्रातील विद्युत् घटमालेपासून त्याच तारेने येई. म्हणून वस्तीतील दिवे गेले तरी दूरध्वनी चालू राही, आणि ही गोष्ट कोणालाच विशेष वाटत नसे. आयपी दूरध्वनी हा लहान संगणक असल्याने त्याला स्वतःची वीज लागते. जालाच्या केबलमधूनच वीज देण्याचे प्रमाणित तंत्र २००३ मध्ये मान्य झाले. त्यात एका जोडणीस १५.४ वॉटपर्यंत वीज पुरविता येते. तथापि प्रत्येक मजल्यावरील जाल उपकरणास बॅटरीचा आधार दिला नसेल, तर वीज जाताच सर्व दूरध्वनी एकदम मुके होतात.

ठिकाणाचा प्रश्न याहून गंभीर आहे. तारेचे दुसरे टोक कोठे आहे हे दूरध्वनी कंपनीला ठाऊक असे, त्यामुळे संकटात सापडलेल्याने पत्ता सांगितला नाही तरी मदत पोहोचू शके. आयपी दूरध्वनी कोठूनही नोंदणी करू शकतो. त्याचा क्रमांक एका गावचा आणि तो ठेवलेला दुसऱ्या गावी, असे सहज घडते. खाजगी केंद्रांतील नियमांमुळे होणारा धोका टेक्सस राज्यातील मार्शल येथे २०१३ मध्ये भीषण रीतीने दिसून आला. एका मोटेलच्या खोलीत आईवर प्राणघातक हल्ला होत असताना तिची नऊ वर्षांची मुलगी ९११ हा आपत्कालीन क्रमांक पुनःपुन्हा फिरवीत होती. त्या केंद्रात बाहेरची वाहिनी मिळण्यासाठी आधी ९ दाबावा लागत असल्याने एकही प्रयत्न बाहेर पोहोचला नाही. मुलीने शिकविल्याप्रमाणेच सर्व केले होते. अमेरिकेने २०१८ मध्ये कायदा करून बहुवाहिनी केंद्रांतून ९११ थेट लागलाच पाहिजे, असे बंधन घातले व ते १६ फेब्रुवारी २०२० पासून अंमलात आले. त्याच वर्षीच्या दुसऱ्या कायद्यान्वये मजला, खोली असे नेमके ठिकाण कळविण्याचे नियमही करण्यात आले. अशा बंधनासाठी केंद्रात करावा लागणारा बदल काही ओळींचा असतो. भारतातील कार्यालयांत बाहेरच्या वाहिनीसाठी बहुधा शून्य दाबावे लागते. म्हणून केंद्र बसविताना ११२ हा क्रमांक शून्यासह व शून्याविना, दोन्ही प्रकारे लागतो की नाही, हे प्रत्यक्ष फिरवून पाहणे अगत्याचे आहे.

भारतातील निर्बंध : तांब्याच्या तारेने कायद्याची हद्दही आखून दिली होती. समजा, एका कंपनीच्या पुणे व मुंबई येथील कार्यालयांची केंद्रे स्वतःच्या माहितीवाहिनीने जोडलेली आहेत. पुण्यातील ग्राहकाचा स्थानिक दूरध्वनी पुण्याच्या केंद्रात यावा, माहितीवाहिनीने मुंबईस जावा व तेथून स्थानिक दराने बाहेर पडावा, हे आज्ञावलीच्या दृष्टीने किरकोळ काम आहे. परंतु त्यामुळे परवानाधारक कंपन्यांचे दूर अंतराचे शुल्क बुडते. भारतात १ एप्रिल २००२ पासून इंटरनेट दूरध्वनीस मर्यादित परवानगी मिळाली, तरी देशातील सार्वजनिक जालाशी त्याची अशी सरमिसळ निषिद्ध राहिली. पुणे, मुंबई, बंगळुरू येथील कॉल सेंटरांना आणि बहुराष्ट्रीय कंपन्यांना त्यामुळे आयपी केंद्रापासून सार्वजनिक वाहिन्या वेगळ्या ठेवणे भाग पडले. कित्येक ठिकाणी त्यासाठी दोन स्वतंत्र केंद्रे ठेवण्यात आली. सिस्कोने पुढे आपल्या आज्ञावलीत, दूरध्वनी ज्या जागी आहे ती जागा पाहून कोणती जोडणी वैध व कोणती अवैध हे ठरविणारी सोय केली. म्हणजे तारेने आखलेली रेघ आता नियमांच्या तक्त्यात काढावी लागली. दूरसंचार विभागाने नोव्हेंबर २०२० व जून २०२१ मध्ये कॉल सेंटरांसारख्या सेवांवरील निर्बंध बरेच सैल केले. देशी व आंतरराष्ट्रीय सेवांतील भेद काढून टाकण्यात आला आणि अशा संस्थांचे केंद्र जगात कोठेही असण्यास मुभा मिळाली. साथीच्या काळात हजारो कर्मचारी घरून काम करू लागल्यावर जुनी रेघ राखणे अवघडच झाले होते.

सुरक्षितता : पेटीतील केंद्र फोडण्यासाठी चोराला तारेपर्यंत जावे लागे. इंटरनेटवर उघड्या असलेल्या केंद्राकडे जगभरातील आज्ञावल्या अहोरात्र परवलीचे शब्द चाचपीत असतात. दूरध्वनीचा क्रमांक हाच त्याचा परवलीचा शब्द ठेवण्याच्या आळसामुळे, सुटीच्या दोन दिवसांत परदेशी महागड्या क्रमांकांवर संभाषणे करून मालकाच्या नावे मोठे बिल चढविण्याचे प्रकार घडतात. मार्च २०२३ मध्ये उघडकीस आलेला ‘३सीएक्स’ या केंद्राच्या आज्ञावलीवरील हल्ला यापुढचा होता. त्यात कंपनीने स्वतः वितरित केलेल्या अधिकृत आवृत्तीतच घातक भाग मिसळलेला आढळला. तपास करणाऱ्यांनी त्याचा संबंध उत्तर कोरियाशी जोडला.

पुढील वाटचाल : जुन्या पेट्या बनविणाऱ्या कंपन्यांना हा बदल सोसला नाही. नॉर्दर्न टेलिकॉमचा वारसा असलेली नॉर्टेल २००९ मध्ये दिवाळखोरीत गेली. तिचा कार्यालयीन व्यवसाय घेणाऱ्या अव्हाया कंपनीवरही २०१७ व २०२३ मध्ये दिवाळखोरी कायद्याचा आश्रय घेण्याची वेळ आली. दरम्यान केंद्राची आज्ञावली स्वतःच्या संगणकावर न ठेवता दरमहा शुल्क देऊन परक्या संगणकांवर वापरण्याची प्रथा वाढली. मायक्रोसॉफ्टच्या ‘टीम्स’मध्ये (२०१७) तर दूरध्वनी हा निरोप, बैठका व कागदपत्रे यांच्या सोबतीचा एक घटक झाला आहे.

सार्वजनिक जालेही याच मार्गाने जात आहेत. ब्रिटनमधील तांब्याच्या तारांवरील दूरध्वनी सेवा २०२५ अखेर बंद करण्याची योजना होती. परंतु वृद्ध व अपंग व्यक्तींच्या गळ्यात किंवा मनगटावर असणारी, कळ दाबताच मदत बोलावणारी उपकरणे नव्या जालावर काही ठिकाणी चालली नाहीत, असे २०२३ मध्ये आढळून आले. तेव्हा दूरध्वनी कंपन्यांनी ग्राहकांच्या संमतीवाचून होणारे बदल थांबविले आणि सेवा बंद करण्याची मुदत जानेवारी २०२७ पर्यंत पुढे ढकलण्यात आली. उद्वाहकांतील आपत्कालीन दूरध्वनी व धोक्याच्या घंटा यांच्या जोडण्याही त्या मुदतीपूर्वी बदलावयाच्या आहेत.